बपेऱ्याला गेलेला तिसरा भाग

लाखांदूरच्या एका शाळेतल्या बाईंनी माझ्याकडे यादी मागितली आहे. मुलांनी वाचाव्यात अशा दहा ऐतिहासिक कादंबऱ्या आणि दहा कथासंग्रह. हा म्हातारा मास्तर बुडालेल्या गावचं वाचनालय सांभाळत होता, याला विचारा, असं त्यांना कुणीतरी सांगितलं. बाई भल्या आहेत. दर आठ दिवसांनी फोन करतात, "सर, झाली का यादी?" आणि मी दर वेळी होत आली म्हणतो. कथासंग्रहांची बाजू एका दुपारी लिहून मोकळा झालो. कादंबऱ्यांच्या बाजूला पहिलं नाव लिहिलं आणि पेन खाली ठेवला, तो अजून उचललेला नाही.

त्या पहिल्या कादंबरीचे तीन भाग आहेत. ती वाचण्यासारखी आहे की नाही, हे मला आता खरंच सांगता येत नाही. माझ्या थोरल्या भावाला मी ती मोठ्याने वाचून दाखवली. दोन भाग जुन्या गावात वाचले आणि तिसरा यंदाच्या हिवाळ्यात हाताला लागला. भाऊ त्याच हिवाळ्यात गेला.

आमचं घर मासोळ्या धरणाऱ्यांचं. बाप लवकर गेला, तेव्हा भाऊ डोंग्यावर बसला आणि मला शाळेत बसवलं. एका घरातून एक जण शिकला तरी पुष्कळ झालं, असं त्याचं म्हणणं. त्याला अक्षर म्हणून कधी ओळखता आलं नाही. मी मास्तर झालो, खटपट करून वैनगंगेकाठच्या आमच्याच गावात बदली घेतली आणि ग्रामपंचायतीच्या एका खोलीत वाचनालय काढलं. कुणी दिलेली, कुठे रद्दीत सापडलेली, अशी तीन-साडेतीनशे पुस्तकं जमली. सचिव मी, झाडू मारणारा मी, आणि मुदतीत पुस्तक परत न करणाऱ्याच्या दारात उभं राहून शिव्या घालणाराही मीच. माझ्या तोंडाला गाव भीत असे. खोटं कशाला बोलू, मला त्याचा गर्व होता.

भाऊला गोष्टींचं भारी वेड. आमच्या झाडीपट्टीत दिवाळी झाली की गावोगाव नाटकं लागतात, त्यातलं एकही तो सोडत नसे. मासेमारी बंद असायची त्या महिन्यांत दुपारी तो घाटावरच्या आंब्याखाली जाळं सांधायला बसे आणि मी पुस्तक घेऊन जाई. मला पान उलटताना अंगठा जिभेला लावायची घाण सवय आहे, माझ्या बायकोने त्यावरून जन्मभर डोकं खाल्लं. अंगठा ओला, पान करकरत उलटलं, की भाऊ जाळ्याच्या गाठीवरून नजर न काढता मान हलवी. गाठी मोजायची सवय होती त्याला, त्याच सवयीने तो पानंही मोजे. उठताना सांगायचा, आज बारा पलटवले, काल सतरा होते, तुह्या गळ्याले काय झालं? मी घरी जाऊन मोजून पाही. कधी एका पानाचाही फरक निघाला नाही.

ती कादंबरी एका डोंगरी किल्ल्याची. राजे, सरदार होते तिच्यात, पण सगळं चाललं होतं ते दरवाजावरच्या राखणदाराच्या डोळ्यांदेखत. म्हणून भाऊला ती आवडली. राखणदाराचा एकुलता एक मुलगा किल्लेदाराशी भांडून, डोक्यात राख घालून निघून जातो आणि शत्रूच्या फौजेत सामील होतो. पुढे तीच फौज किल्ल्याला वेढा घालते. दुसऱ्या भागाच्या शेवटी तो मुलगा जखमी होऊन, एकटाच, अंधारातून चढून दरवाजाशी येतो आणि म्हणतो, बाबा, मी आहे, दार उघडा. मागे फौज लपली आहे की नाही, कळायला मार्ग नाही. उघडलं तर किल्ला जाईल, नाही उघडलं तर पोरगा दारातच मरेल. राखणदार अडसराला हात घालतो. तिथे दुसरा भाग संपतो.

भाऊने जाळं खाली टाकलं. म्हणाला, आण तिसरा.

तिसरा भाग वाचनालयात नव्हता. गावातल्या एकाने नेला होता आणि तो माणूस धरणाच्या कागदांपायी भंडाऱ्याच्या चकरा मारत होता. त्याच वर्षी आमचं गाव उठायचं ठरलं होतं. गोसीखुर्दचं पाणी कुठपर्यंत येणार याचे दगड शेतात गाडून झाले होते. सगळ्यांच्याच डोक्याला ताप, मग कादंबरी कोण विचारतो? मी त्या माणसाला दोनदा शिव्या घालून आलो आणि गप्प बसलो.

नव्या गावठाणातले प्लॉट चिठ्ठ्या टाकून वाटले गेले. देवळात घागर ठेवली, चिठ्ठ्या टाकल्या, ज्याच्या हाताला जी आली ती त्याची. कुणाला कोपऱ्यातला आला, कुणाला नाल्याजवळचा, पण तक्रारीला जागा राहिली नाही, कारण दोष द्यायला माणूसच नव्हता. ही पद्धत गावाला इतकी पटली की नंतर गावाने सगळंच चिठ्ठीने वाटलं. देवळाची भांडी, भजनाचे टाळ, पंगतीच्या सतरंज्या. शेवटी वाचनालयाचा विषय निघाला. नव्या जागी वाचनालयाला खोली मिळणार नव्हती, अर्धं गाव पवनीच्या बाजूला आणि अर्धं दुसरीकडेच चाललं होतं. मीच सभेत उठून म्हणालो, पुस्तकंही चिठ्ठीने वाटू. प्रत्येक पुस्तकाला नंबर आहे, तितक्या चिठ्ठ्या करू. टाळ्या पडल्या. मला वाटलं, काय न्यायाचं बोललो मी!

वाटणीच्या दिवशी सकाळी तो तिसरा भाग परत आला. भाऊने तो माझ्या टेबलावर पाहिला. त्याला वाचता येत नव्हतं, पण पाठीवरची तीच लाल कापडी पट्टी त्याने ओळखली. सगळ्यांसमोर म्हणाला, "बाबू, हे तीन भाऊ होत. यायले वेगळं नको करू."

मी नाही म्हणालो. तीन पुस्तकं, तीन नंबर, तीन चिठ्ठ्या. मनात खरं कारण वेगळंच होतं. सचिवाने आपल्या भावासाठी गठ्ठा बाजूला काढला असं उद्या कुणी म्हटलं असतं, तर माझं तोंड बंद झालं असतं, आणि माझ्यापाशी तोंडाशिवाय दुसरं होतं काय? नियम म्हणजे नियम, असं मी चढ्या आवाजात म्हणालो. माझ्याच मोठ्या भावाला, भर सभेत. त्याची चिठ्ठी निघाली तर त्याला एक कथासंग्रह आला. मला दुसरा भाग आला, पहिला शेजारच्या घरी गेला, आणि तिसरा गेला अशा एका घरी, ज्यांनी वर्षभरात प्लॉट सोडला आणि तुमसरच्या पुढे बपेऱ्याला सासुरवाडीच्या आसऱ्याने राहायला गेले. बपेरा म्हणजे जिल्ह्याचं शेवटचं टोक, नदी ओलांडली की मध्यप्रदेश.

मागून आणावा तर भर सभेत सांगितलेला माझाच नियम मी मोडल्यासारखा झाला असता, म्हणून गेलो नाही. त्यानंतर वर्षं गेली. कशी गेली विचारू नका. कथासंग्रह मात्र आम्ही दोघांनी चारदा वाचला. कथासंग्रहाचं एक बरं असतं. मधलं पान फाटलं तर एकच कथा जाते, बाकीच्या आपापल्या पायावर उभ्या असतात. असली पुस्तकं खुशाल वाटा, काही बिघडत नाही. त्यातली एका कासाराची गोष्ट भाऊला पाठ झाली होती, नातवंडांना तो ती माझ्यापेक्षा चांगली सांगे. पण वाचून झालं की तो हटकून विचारी, "उघडलं का रे त्यानं दार?" घरात ती थट्टाच झाली. एसटीला उशीर झाला, सुनेचा चहा लवकर आला नाही, की वहिनीही म्हणायची, उघडलं का दार? मी हसण्यावारी नेत होतो. नाकाला मिरच्या झोंबायच्या, ते वेगळं.

सुरुवातीला भाऊचं ठाम मत होतं, राखणदाराने दार उघडू नये. एका पोरासाठी सारा किल्ला मारायचा का? पुढे त्याचा स्वतःचा मुलगा घरात भांडून हैदराबादला कामाला गेला आणि दोन दिवाळ्या आला नाही. तेव्हापासून भाऊचं मत फिरलं. उघडाव बा, म्हणायचा, मागे फौज असन तर असन. मुलगा परत आला, लग्न झालं, लेकरं झाली, पण मत तेच राहिलं.

यंदा धानाच्या कापणीच्या वेळी त्याचं पोट फुगायला लागलं. नागपूरला नेलं. तिथल्या डॉक्टरांनी पुतण्याला बाजूला घेऊन सांगितलं की आता घरी न्या, जे आवडतं ते खाऊ घाला. आवडतं ते म्हणजे काय, मासोळीचा रस्सा, आणि तोच त्याच्या घशाखाली उतरेना. आम्ही सगळे त्याच्या खाटेभोवती नुसते उभे असायचो. कुणी पाय दाबायचं, कुणी माशा हाकलायचं. मी आयुष्यभर जगाला अक्कल शिकवली, आणि तिथे हाताला काम नाही म्हणून औषधांच्या पट्ट्यांवरची बारीक अक्षरं पुन्हा पुन्हा वाचत बसायचो. एका दुपारी भाऊने डोळे उघडले आणि थट्टेचा सूर नसलेल्या आवाजात विचारलं, "बाबू, उघडलं का त्यानं?"

मी म्हणालो, आणतो.

नागपूरच्या पुस्तकवाल्यांना फोन केले. एकाने सांगितलं की ही आवृत्ती संपून जमाना झाला. दुसरा म्हणाला, पहिला भाग असेल, चालेल का? पुतण्याने मोबाइलवर शोधलं, तर मुखपृष्ठाचा फोटो सापडला. एका मोठ्या वाचनालयाच्या यादीत नाव होतं, कपाटात पुस्तक नव्हतं. माझ्या जुन्या रजिस्टरात मात्र सगळं होतं. नंबर, घर, अंगठा. सकाळच्या पहिल्या गाडीने निघालो, भंडाऱ्याला उतरलो, तुमसरला दुसरी गाडी, तिथून बपेऱ्याची. मास्तर असतानाही इतकी तयारी करून कधी कुठे गेलो नव्हतो. वाटेत मनाशी शिव्या जमवून ठेवल्या होत्या. पुस्तक रद्दीत घातलं असेल तर सोडायचं नाही, असं ठरवलं होतं.

ज्याच्या नावावर पुस्तक होतं तो माणूस वारलेला. त्याची बायको अंगणात बसून तुरीच्या शेंगा सोलत होती. मला पाहिल्याबरोबर ओळखलं, मास्तर होय ना जी, म्हणाली. पुस्तक म्हणताच आत गेली आणि बियाण्याच्या प्लॅस्टिक पिशवीत सुतळीने बांधलेला गठ्ठा घेऊन आली. तिला वाचता येत नव्हतं, नवऱ्याला वाचायला सवड झाली नव्हती. पण वाटणीत आलेली वस्तू म्हणून इतकी वर्षं जपली होती. एक कोपरा कुरतडलेला नाही, वाळवी नाही, लाल पट्टी तशीच. माझ्या जमवलेल्या शिव्या तिथेच विरघळल्या. तिने विचारलं, काय हाय जी यात? मी तिला राखणदाराची गोष्ट सांगितली. ती ऐकता ऐकता शेंगा सोलायची थांबली. पुस्तक परतसुद्धा मागितलं नाही तिने. दार उघडलं का ते मलेबी फोन करून सांगजा, एवढंच म्हणाली. तिला अजून फोन केलेला नाही.

परतीच्या गाडीत खिडकीशी जागा मिळाली आणि मी पुस्तक उघडलं. पहिलंच वाक्य होतं की त्या वेढ्याला चाळीस वर्षं लोटली. मला वाटलं, बरं, मागे जाईल गोष्ट. वाचत गेलो. किल्लेदाराचा नातू, त्याचं लग्न, दरबारातले रुसवेफुगवे. तुमसर आलं, राखणदार आला नाही. भंडारा येईपर्यंत मी पानन् पान चाळलं, अंगठा कोरडा पडला. सगळ्या पुस्तकात एकच ओळ. नातू पडक्या दरवाजातून जातो तेव्हा सोबतचा माणूस म्हणतो, इथे पूर्वी कुणी एक राखणदार होता म्हणतात. झालं. लिहिणारा पुढच्या वाक्यात लग्नाच्या मिरवणुकीकडे वळतो.

बसस्टँडच्या बाकावर बसून मी ते पुस्तक मांडीवर उलटंपालटं करत होतो. कुणाला जाब विचारणार? ज्याने लिहिलं तो कधीच मेलेला. ज्यांनी छापलं त्यांचं दुकान नाही. आणि घरी एक माणूस खाटेवर पडून वाट पाहत होता, ज्याने मला शाळेत बसवलं आणि ज्याला मी जे वाचीन ते खरं वाटत होतं. तेव्हा मी ठरवलं. त्याला कुठे अक्षर कळतं? मी उघडतो दार.

दुसऱ्या दिवशी दुपारी तो जागा होता. वहिनीने उशी वर केली. मी लाल पट्टी त्याच्या बोटांखाली दिली, त्याने ती चाचपली आणि डोळे मिटून घेतले. पहिल्यापासून नको, म्हणाला, दाराचं वाच. मी पुस्तक उघडलं, नजर पानावर ठेवली आणि बोलायला लागलो. राखणदाराने अडसर काढला. अडसर जड होता. दार किलकिलं झालं. पोरगा आत कोसळला. राखणदाराने बाहेर डोकावून पाहिलं, मागे फौज नव्हती, नुसता वारा होता. मग बापाने पोराला मांडीवर घेतलं, पाणी पाजलं, दोघांचं बोलणं झालं. मला स्वतःलाच नवल वाटावं असं सुचत होतं. वहिनी पदर डोळ्याला लावून उभी होती. भाऊचा चेहरा निवळल्यासारखा वाटला. मग त्याने एक बोट वर केलं.

"बाबू, तू पान नाई पलटवलं."

मी म्हणालो, मोठं पान आहे भाऊ, अक्षर बारीक आहे. "इतलं मोठं नसते," तो म्हणाला. "चार पानाचं बोलला तू."

मी पुस्तक मिटलं आणि मग काहीच राखून ठेवलं नाही. चाळीस वर्षं लोटली ते सांगितलं, नातवाचं लग्न सांगितलं, ती एक ओळ अंगठा ओला करून, पान उलटून, जशीच्या तशी वाचली. तो ऐकत होता. मग म्हणाला, लिवणाऱ्यालेबी मालूम नसन.

मला रडू कोसळलं. त्याच्या पायावर डोकं ठेवून म्हणालो, भाऊ, मी चुकलो, तू म्हणत होता तेव्हा तिन्ही एका जागी ठेवायला पाहिजे होते. माझ्या हटापायी तू इतकी वर्षं वाट पाहिली. तो म्हणाला, ठेवले असते तरी यात हेच रायलं असतं ना? मी मान हलवली. त्याच्या बोलण्यात राग नव्हता, आणि तेच मला सोसत नव्हतं. दमला होता, श्वास लागत होता. वहिनीने चमच्याने पाणी दिलं, ते अर्धं बाहेर आलं.

"पण तवाच मालूम झालं असतं," तो म्हणाला. "आपुन दोघं आंब्याखाली बसून त्या लिवणाऱ्याले मन भरून शिव्या देल्या असत्या."

मग माझ्याकडे पाहून हसला. "दे ना आता."

मी तोंड उघडलं. ज्या तोंडाला सारा गाव भीत होता त्या तोंडात एकही शिवी येईना. तो हसत वाट पाहत राहिला, आणि वाट पाहता पाहताच त्याचा डोळा लागला.